बोटभर चुना

नागपूरच्या फुटाळा तलावाच्या काठी पावसाळी संध्याकाळी जमिनीलगत जो निळसर धूर रेंगाळत असतो, तो भुट्ट्यांचा. सर येऊन गेलेली, रस्ता ओला, तलावाचं पाणी शिशाच्या रंगाचं, आणि शेगड्यांमधून मधूनच एखादी ठिणगी उडून विझते. श्रावणातल्या अशाच एका संध्याकाळची ही गोष्ट. गोष्ट म्हणण्याइतकीही ती मोठी नाही. एका तरुणानं हेल्मेटही न काढता गाडीवरूनच विचारलं, "मावशी, देशी हाय ना? अमेरिकन नको." मावशींच्या हातातला पंखा काही थांबला नाही. "देशीच हाय भाऊ. सौंसरकडचा माल हाय." तो निश्चिंत झाला, गाडी स्टँडवर लावली आणि भुट्टा भाजून होईस्तोवर शेजारच्या पानठेल्याकडे वळला. तिथं खर्रा सांगितला. पानठेलेवाल्यानं प्लास्टिकच्या पन्नीवर सुपारीचे तुकडे घेतले, वर तंबाखू टाकला, डबीत बोट बुडवून चुना ओढला, पन्नी दुमडली आणि तळहातानं घोटायला सुरुवात केली. दोन ठेल्यांमध्ये अंतर असेल चार हातांचं. इकडे मका, तिकडे चुना.

ते चार हातांचं अंतर तेव्हापासून डोक्यातून जात नाही.

आधी त्या 'देशी'चं बघू. मावशी खोटं बोलल्या नाहीत. आपल्या बाजारात देशी म्हणजे पांढरट किंवा फिकट पिवळा, जरा चिवट सालीचा, बेताचा गोड भुट्टा. अमेरिकन म्हणजे स्वीट कॉर्न, मॉलमध्ये कपात लोणी-मसाला घालून चमच्यानं खातात तो. स्वीट कॉर्नच्या दाण्यात साखरेचं पिठात रूपांतर व्हायचं काम एका जनुकातल्या बिघाडामुळे अर्धवट राहतं, म्हणून तो गोड. कोळशावर धरला की तो आक्रसतो आणि साखर करपून कडवट होते; तो उकडून खायचा माल. तेव्हा गिऱ्हाइकाचा प्रश्न व्यवहारात अगदी बरोबर होता. फक्त वंशावळ काढायला बसलं तर दोन्ही भुट्टे अमेरिकन निघतात. मेक्सिकोच्या दक्षिणेकडच्या बाल्सास नदीच्या खोऱ्यात, सुमारे ९,००० वर्षांपूर्वी, टेओसिंते नावाच्या रानगवतातून माणसानं मका घडवला. त्या गवताचं कणीस जेमतेम बोटाएवढं, त्यात पाच ते बारा दाणे, प्रत्येक दाणा दगडासारख्या कवचात बंद, आणि पिकला की आपोआप गळून पडणारा. दात तुटेल पण दाणा फुटणार नाही, असलं ते खाणं. त्यातून आजचं पाच-सहाशे दाण्यांचं, उघड्या अंगाचं कणीस तयार व्हायला पिढ्यान्‌पिढ्या कुणीतरी दर हंगामात बरी कणसं बाजूला काढून बियाण्याला ठेवली असणार. मक्याचा शोध लागला असं म्हणणं म्हणूनच चुकीचं वाटतं. तो निवडत निवडत केलेला आहे.

युरोपच्या माणसाला तो पहिल्यांदा दिसला १४९२च्या नोव्हेंबरात, क्युबात. पुढच्या शतकात तो पोर्तुगीज व्यापाराच्या वाटेनं आपल्याकडे आला असं बहुतेक अभ्यासक मानतात. मिरची आणि तंबाखूही त्याच वाटेनं आले. म्हणजे मावशी भुट्ट्याला जे तिखट लावतात तेही अमेरिकन. निंबू तेवढा आपल्या बाजूचा. गंमत अशी की मका जिथं जिथं गेला तिथं तिथं लोकांनी त्याला दुसऱ्याच गावचा ठरवला. इटलीत त्याचं नाव 'ग्रानोतुर्को', म्हणजे तुर्कांचं धान्य. तुर्कस्तानात त्याला म्हणतात 'मिसिर', म्हणजे इजिप्त. आपल्याकडे 'मक्का' ऐकून अनेकांना अरबस्तान आठवतं. कर्नाटकात सोमनाथपूरच्या तेराव्या शतकातल्या होयसळ मंदिरात मूर्तींच्या हातात मक्याची कणसं आहेत, असा दावा १९८९ साली एका अमेरिकन भूगोलज्ञानं केला होता. जाणकारांनी सांगितलं, बाबा रे, ते मुक्ताफळ आहे, मोत्यांचं घडवलेलं फळ. तरी अधूनमधून तो फोटो व्हॉट्सअॅपवर फिरतोच. आपलं ते सगळं आधीपासूनचंच असावं ही हौस आणि 'देशी हाय ना' हा प्रश्न, दोन्ही एकाच कुळातले.

भुट्टा हातात घेऊन नीट पाहावा अशी वस्तू आहे, पण भाजून आला की कुणाला धीर नसतो. सोलताना जे रेशमी केस बोटांना चिकटतात आणि ज्यांना आपण कचरा समजून झटकतो, त्यातला एकेक केस एकेका दाण्याचा असतो. शेंड्यावरच्या तुऱ्यातून परागकण उडतो, केसाच्या टोकावर पडतो, आणि तिथून केसाच्या आतून नळी काढत साधारण एका दिवसात दाण्यापर्यंत पोचतो. ज्या केसाला पराग मिळाला नाही त्याचा दाणा भरत नाही. भुट्ट्यावर दिसणारे दाताच्या फटीसारखे खळगे म्हणजे चुकलेल्या भेटी. बुडाकडचे केस आधी बाहेर येतात, टोकाचे सगळ्यात शेवटी, तोवर तुऱ्यातला पराग संपत आलेला असतो. म्हणून टोक बोडकं राहतं. नेमक्या त्या आठवड्यात पावसानं दडी मारली किंवा ऊन ३८ अंशांच्या वर गेलं तर पराग वाळून मरतो आणि सबंध कणीस बोळकं निघतं. म्हणूनच मका एका लांबलचक ओळीत लावत नाहीत, चौकोनी तुकड्यात लावतात. वारा कुठूनही आला तरी पराग शेतातच पडावा. आणखी एक: दाण्यांच्या उभ्या ओळी मोजा. बारा येतील, चौदा, सोळा. विषम आकडा येणार नाही, कारण मक्याच्या कणसावर फुलं जोडीजोडीनं धरतात. विश्वास नसेल तर पुढच्या भुट्ट्याला दात लावण्याआधी मोजून बघा. मावशी हसतील तेवढंच.

निवडायची रीत मात्र मावशींकडूनच शिकावी. केस वाळून तपकिरी झालेले पण साल अजून हिरवीगार, असा भुट्टा घ्यायचा. वरची साल दोन बोटं खाली ओढून दाण्याला नख टोचायचं. पांढरं दूध उडालं तर बरोबर. पाणी आलं तर कोवळा, भाजल्यावर त्याच्या सुरकुत्या होतात. काहीच न येता नख पिठात रुतल्यासारखं वाटलं तर जून, तो भाजून फुटाण्यासारखा लागतो. केस फुटल्यापासून साधारण वीस दिवसांनी हे दूध भरतं आणि जेमतेम आठवडाभर टिकतं. (सगळ्या ढिगाला नखं लावत बसणाऱ्या गिऱ्हाइकाला मावशी जे बोलतात ते इथं लिहिता येणार नाही.) भाजतानाही घाई चालत नाही. ज्वाळेवर धरला तर बाहेरून काळा आणि आत कच्चा राहतो. निखाऱ्यावर राखेची पातळ साय धरलेली हवी, पंखा सतत पण हळू, आणि भुट्टा दर अर्ध्या मिनिटाला पाव वळण फिरवायचा. दाण्यातलं पाणी वाफ होऊन सालीवर रेटा देतं, मग 'फट्' असा एक आवाज येतो. दोन-चार फट् झाले की उतरवायचा. अर्धा निंबू तिखट-मिठात बुडवून बुडापासून टोकाकडे घासायचा, टोकापासून बुडाकडे नाही, नाहीतर रस दाण्यांच्या फटीत न शिरता हातावर ओघळतो.

एवढा देखणा दाणा, पण स्वतःच्या पायावर उभा राहू न शकणारा. ज्वारी, बाजरी, गहू रानात सोडले तर चार दाणे तरी गळून पुढच्या पावसात उगवतील. मक्याचं कणीस सालीत गुंडाळलेलं. जमिनीवर पडलं तरी शेकडो कोंब एकाच जागी फुटून एकमेकांचा गळा आवळतील. माणसानं सोलून, दाणे सुटे करून, अंतर ठेवून पेरला नाही तर मका काही वर्षांत नामशेष होईल. त्याला हात लागतात. आणि ज्या हातांनी तो घडवला त्यांना त्याची एक खोडही ठाऊक होती.

ती खोड आहे सालीत आणि सालीखालच्या थरात. शरीराला लागणारं निआसिन, म्हणजे ब-३ जीवनसत्त्व, मक्यात असतं, पण तंतूंना असं घट्ट बांधलेलं की पोटात गेलं तरी सुटत नाही. कोवळ्या दुधाळ दाण्यात ते त्यामानानं सुटं असतं, त्यामुळे फुटाळ्यावर भुट्टा खाणाऱ्यानं काळजी करू नये. प्रश्न पिकून कडक झालेल्या, वर्षभर पोट भरायला साठवलेल्या दाण्याचा. मेक्सिको आणि ग्वाटेमालातल्या बायकांनी निदान तीन हजार वर्षांपूर्वीपासून त्यावर उपाय वापरला: दाणे चुन्याच्या पाण्यात शिजवायचे, रात्रभर तसेच ठेवायचे, सकाळी धुऊन साल काढायची आणि ओलेच वाटायचे. जिथं चुना मिळत नव्हता तिथं चुलीतली राख. नाहुआत्ल भाषेत राखेला 'नेश्त्ली' म्हणतात. त्यावरूनच या प्रकाराचं नाव पडलं, निश्तामाल. त्या बायकांना जीवनसत्त्व वगैरे ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. साल निघते, वाटायला सोपं जातं, पीठ चिकट होऊन पातळ भाकर थापता येते, चव सुधारते, एवढं त्यांना कळत होतं आणि तेवढं पुरेसं होतं. वाटण्याचा दगड आपल्या पाट्यासारखाच, फक्त तीन पायांचा. त्याच्यापुढे गुडघे टेकून एका कुटुंबापुरतं वाटायला दिवसाचे चार-पाच तास जायचे.

जहाजं मका घेऊन निघाली, तेव्हा त्यात दाणे होते. चुना नव्हता.

का नव्हता, याचं सगळ्यात पटणारं उत्तर असं की युरोपात दगडी गिरण्या होत्या. साल काढण्याची खटपट ही हातानं वाटणाऱ्या गरीब बाईची अडचण आहे, आपल्याला काय गरज, असं त्यांना वाटलं असणार. शिवाय जहाजांवर पुरुष होते, आणि ही गोष्ट चुलीजवळची होती. त्यांनी मका वाळवला, दळला, लापशी केली आणि पोटभर खाल्ली. १७३५ साली स्पेनच्या अस्तुरियास भागात गास्पार कासाल या वैद्याला शेतमजुरांमध्ये एक रोग दिसला: उन्हाला उघडी पडणारी कातडी लाल होऊन खरबडते, गळ्याभोवती तर हार घातल्यासारखा पट्टा उठतो. वैद्यकाच्या पुस्तकांत त्याला आजही कासालचा हार म्हणतात. पुढे हगवण, मग भ्रम, मग मृत्यू. रोगी बहुतेक मक्यावर जगणारे, मांसाचा घास क्वचितच मिळणारे, हेही कासालनं टिपून ठेवलं. इटलीत १७७१ साली त्याला 'पेलाग्रा' हे नाव मिळालं, म्हणजे खरबरीत कातडी. उत्तर इटलीत मक्याची लापशी हेच गरिबांचं दोन्ही वेळचं जेवण होतं, आणि वेड्यांची इस्पितळं पेलाग्राच्या रोग्यांनी भरलेली असत. आपल्याकडे फसवण्याला चुना लावणं म्हणतात. इथं उलटं झालं. चुना लावला नाही, म्हणून फसगत झाली.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हीच साथ अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत पसरली. कापसाच्या शेतात राबणारे मजूर मक्याचं पीठ, काकवी आणि डुकराची चरबी एवढ्यावर जगायचे, त्यातच दाण्याचा अंकुर काढून टाकणारी नवी गिरणी आली. पीठ टिकायला लागलं, पण होतं नव्हतं ते पोषणही गेलं. १९०६ ते १९४० या काळात तिथं सुमारे ३० लाख लोकांना पेलाग्रा झाला आणि लाखभर माणसं मेली, असा अंदाज आहे. बहुतेक जण म्हणत होते, हा संसर्ग आहे. १९१४ साली सरकारनं जोसेफ गोल्डबर्गर या डॉक्टरला पाठवलं. त्याला वेड्यांच्या इस्पितळात एकच गोष्ट खटकली: रोग रोग्यांना होतो, त्यांच्यातच वावरणाऱ्या परिचारकांना होत नाही. संसर्ग माणूस ओळखून होतो का? ताटात मात्र फरक होता. १९१५ साली मिसिसिपीच्या एका तुरुंग-शेतावर त्यानं ११ धडधाकट कैद्यांना माफीच्या बदल्यात मक्याप्रधान जेवणावर ठेवलं. सहा महिन्यांत सहा जणांच्या अंगावर पेलाग्रा उमटला. तरी लोक ऐकेनात. तेव्हा १९१६ साली त्यानं आणि त्याच्या सहकाऱ्यांनी रोग्यांचं रक्त स्वतःला टोचून घेतलं, खपल्या आणि विष्ठा कणकेच्या गोळीत घालून गिळल्या. त्याच्या बायकोनं, मेरीनंही, रक्त टोचून घेतलं. कुणालाही रोग झाला नाही. नेमका कोणता घटक कमी पडतो हे कळण्याआधीच, १९२९ साली गोल्डबर्गर गेला. १९३७ साली कॉनराड एल्वेहेम या अमेरिकन शास्त्रज्ञानं ते शोधलं: निकोटिनिक आम्ल.

हे नाव वाचून इथल्या माणसाचे कान टवकारले पाहिजेत.

कारण हे आम्ल रसायनशास्त्रज्ञांनी एकोणिसाव्या शतकात प्रथम बनवलं ते तंबाखूतल्या निकोटिनपासूनच, म्हणून ते नाव. पुढे अमेरिकेत पावात ते मिसळायची वेळ आली तेव्हा पावात तंबाखू आहे असा समज होऊ नये म्हणून १९४२ साली नाव बदलून 'निआसिन' केलं. दोन्ही पदार्थांचे गुण अगदी निराळे, एक जीवनसत्त्व, दुसरं व्यसन. पण चुन्याचं वागणं दोन्हींशी सारखं. चुना मक्याच्या तंतूत अडकलेलं निआसिन सोडवतो. आणि तोच चुना तंबाखूतलं निकोटिन सुटं करतो, म्हणजे तोंडाच्या कातडीतून ते झपाट्यानं रक्तात जाईल अशा रूपात आणतो. खर्रा घोटताना चुना कमी पडला तर 'लागत नाही' म्हणून गिऱ्हाईक कुरकुरतं, ते उगाच नाही. चुना आपल्याकडे विड्यात आधीपासून होताच. तंबाखू आला आणि त्या आयत्या चुन्याला चिकटला. दोन पाहुणे एकाच वाटेनं आले. चुना एकाला लागला, आणि नको त्याला लागला. २०१२ साली महाराष्ट्रात गुटख्यावर बंदी आली. नागपुरात पन्नीचा आवाज त्यानंही थांबला नाही, आणि तोंड उघडेनासं झालेली माणसं कॅन्सरच्या दवाखान्यात अजून रांगेत आहेत.

मग मक्याला चुना न लावताही आपण पेलाग्रातून कसे वाचलो? सोपं कारण असं की इथं मका एकटा कधीच ताटात नव्हता. शरीर ट्रिप्टोफॅन या अमिनो आम्लापासूनही निआसिन बनवतं, साठ भागांतून एक भाग या हिशेबानं. मक्यात ट्रिप्टोफॅन थोडं. डाळीत, दुधा-ताकात त्याहून बरं. भाकरीबरोबर झुणका, वरून ताक, एवढ्यावर भागायचं. मेक्सिकोतही मक्याच्या ताटात घेवडा असतोच, आणि शेतातही मका, घेवड्याचा वेल आणि भोपळा एकत्र लावतात. पण आपण अगदीच सुटलो असंही नाही. हैदराबादच्या पोषण संस्थेत डॉ. सी. गोपालन आणि श्रीकांतिया यांनी १९६०च्या सुमारास दाखवलं की दख्खनमध्ये फक्त ज्वारीवर जगणाऱ्या मजुरांनाही पेलाग्रा होतो. तिथं निआसिन बांधलेलं असण्यापेक्षा ज्वारीतलं ल्युसिन या अमिनो आम्लाचं जादा प्रमाण आडवं येतं, असं त्यांचं म्हणणं. त्यावर पुढे बराच वाद झाला. वाद राहू द्या. ज्यांच्या भाकरीवरचा झुणका गेला, त्यांच्याच गळ्यात तो हार पडला, एवढं तर दिसतंच.

आता चुना मक्याला लावायचाच म्हटलं तर ते नागपूरच्या कुठल्याही स्वयंपाकघरात जमण्यासारखं आहे. चुन्याची निवळी आपल्याला नवी नाही; कोहळ्याचा पेठा तिच्याशिवाय कडक होत नाही. पण इथं निवळी पुरत नाही, आणि पहिली चूक इथंच होते. चुना पाण्यात फार विरघळत नाही, लिटरभर पाण्यात जेमतेम पावणेदोन ग्रॅम, आणि पाणी तापलं की त्याहूनही कमी. एक किलो मक्याला कोरडा चुना दहा ग्रॅम लागतो. तेव्हा न विरघळलेल्या चुन्यासकट गढूळ पाणीच घ्यायचं. चुना खाण्याचाच, साधा. भिंतीचा नाही, आणि पानठेल्यावरचा वासाचा-रंगाचाही नाही. ओला लगदा असेल तर वजन दुप्पट धरा, कारण निम्मं पाणीच असतं. दाणा वाळलेला, देशी, पिठाळ हवा; स्वीट कॉर्नचं इथं काही काम नाही. एक किलो दाणे, तीन लिटर पाणी, स्टीलचं पातेलं. अॅल्युमिनियमचं मुळीच नको, चुना त्याला खातो आणि पाणी काळं पडतं. मंद आचेवर अर्धा-पाऊण तास ठेवा. पाणी पिवळं होतं आणि ओल्या भिंतीसारखा वास सुटतो. त्यानं दचकू नका. एक दाणा काढून दोन बोटांत चोळा: साल निसरडी होऊन सुटली आणि दाणा मध्यभागी अजून कट्ट लागला, की आच बंद. झाकून रात्रभर.

सकाळी पाणी ओतून द्या, दोन-तीन पाण्यात चोळून चोळून साल काढा. सगळी काढायचा हट्ट नको. थोडी राहिली तर पिठाला चिकटपणा येतो. अजिबात न धुता वाटलं तर साबणासारखी चव लागते. चुना जास्त झाला तर भाकर पिवळी-करडी आणि कडू. कमी झाला तर साल सुटतच नाही आणि गोळा फाटतो. जास्त शिजलं तर वाटताना खळ होते. मिक्सरमध्ये वाटायला पाणी घालावं लागतं आणि त्याचं डोशाचं पीठ होऊन बसतं, म्हणून पाटा-वरवंटा बरा, किंवा डोशाचा ग्राइंडर, पाण्याचा शिपका मारत मारत. गोळा कानाच्या पाळीइतका मऊ हवा. लिंबाएवढा गोळा दोन पन्न्यांच्या मध्ये ठेवून सपाट थाळीनं दाबा. (पन्नी तीच, खर्ऱ्याच्या जातीची, तिला अखेर एक बरं काम मिळालं.) कडकडीत तव्यावर एकेका बाजूनं मिनिटभर, पुन्हा उलटली की मधोमध फुगते. साधं मक्याचं पीठ गरम पाण्यात कितीही मळलं तरी भाकर थापताना कडा चिरतात, हे ज्यांच्या हातांना ठाऊक आहे त्यांना या गोळ्याचा फरक पहिल्याच दाबात कळेल. चुन्यातलं कॅल्शियम भाकरीत उतरतं ते वेगळंच. मेक्सिकोतल्या गरीब घरात ते मुख्यतः याच भाकरीतून येतं.

चुना सगळ्यालाच औषध नाही, हेही सांगायला हवं. १९७४ साली राजस्थान-गुजरातच्या सीमेवर बांसवाडा आणि पंचमहालच्या आदिवासी गावांत अवकाळी पावसानं भिजलेल्या मक्याला बुरशी लागली. तोच मका लोकांनी खाल्ला, कारण दुसरं काही नव्हतं. बुरशीच्या अफ्लाटॉक्सिन विषानं कावीळ झाली, पोटात पाणी भरलं, शंभरावर माणसं मेली. त्यांच्याच भाकरीवर वाढलेले कुत्रेही मेले. चुन्यात शिजवल्यानं हे विष काही अंशी कमी होतं, पण काळा-हिरवा पडलेला दाणा चुन्याच्या भरवशावर खायचा नसतो. दाणा वाळला की नाही हे पाहायची साधी युक्ती आहे: कोरड्या काचेच्या बाटलीत कोरडं मीठ आणि मूठभर दाणे घालून हलवा, दहा-पंधरा मिनिटं ठेवा. काचेला मीठ चिकटलं तर ओल पंधरा टक्क्यांच्या वर आहे. अजून ऊन द्या. साठवायचा मका तेरा टक्क्यांच्या आत हवा.

आता तर पेरलेल्या मक्याचा मोठा वाटा माणसाच्या ताटात येतच नाही. कोंबड्यांच्या खाद्यात, स्टार्चमध्ये, इथेनॉलमध्ये जातो. छिंदवाड्याकडून येणाऱ्या ट्रकांमधलं सगळंच काही भुट्ट्याच्या शेगडीसाठी नसतं. आणि २०१८ साली आणखी एक पाहुणी आली, लष्करी अळी, मूळची अमेरिकेचीच. आधी कर्नाटकात दिसली आणि त्याच वर्षी महाराष्ट्रात पोचली. मक्याच्या पोंग्यात, म्हणजे शेंड्याच्या गुंडाळलेल्या पानांत, शिरून आतून कोवळी पानं खाते आणि बाहेर लाकडाच्या भुशासारखी विष्ठा टाकते. शेतकऱ्याला ती दिसते तेव्हा बहुतेक काम झालेलं असतं. पोंगा न उलगडता त्यातच औषध गेलं पाहिजे, वरून फवारलं तर नुसतं पान धुतलं जातं. दाणा आला, चारशे-पाचशे वर्षांनी त्याची अळीसुद्धा माग काढत आली. चुन्याला मात्र मक्याची वाट सापडली नाही, आणि तो तर इथं प्रत्येकाच्या खिशात होता.

फुटाळ्यावर पाऊस पुन्हा भुरभुरायला लागला होता. हेल्मेटवाला खर्ऱ्याची पुडी शर्टाच्या खिशात घालून, भुट्टा कागदात धरून गाडीवर बसूनच खात होता. बुडाकडून टोकाकडे, ओळी न मोजता. सोललेल्या हिरव्या साली एका पोत्यात जमा होत होत्या, रात्री कुणाच्या तरी गाईसाठी. पानठेल्यावर गिऱ्हाईक नव्हतं. ठेलेवाल्यानं छत्रीतून डोकं बाहेर काढून आभाळ पाहिलं, तळहात पँटला पुसला आणि ते चार हातांचं अंतर ओलांडून शेगडीजवळ आला. ढिगातला एक भुट्टा उचलायला त्यानं हात पुढे केला. अंगठा आणि पहिलं बोट चुन्यानं पांढरं फटक.

मावशींनी पंख्याची दांडी आडवी धरली. "हात धू पयले. चुन्याचे हात नको लावू माह्या मालाले."

त्यानं हसून पाण्याचा मग उचलला, बोटांवर पाणी ओतलं. पांढरा ओघळ शेगडीच्या पायाशी आला आणि राखेत मिसळला.